आधी सेवापुस्तक बघ, मग वकील

कोल्हापूर,
२ मे

चि. मृणाल हिस,
अनेक आशीर्वाद.

काल तुझा फोन ठेवल्यावर बराच वेळ झोप लागली नाही. बदलीचा अर्ज दुसऱ्यांदा फेटाळला, आता मॅटमध्येच, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणातच, जाते म्हणालीस. आवाज भरून आला होता, म्हणून तेव्हा गप्प बसले. आता लिहिते.

बदलीसाठी केस करू नकोस. २०२१ सालचा सुप्रीम कोर्टाचा निकाल वाच. उत्तर प्रदेशातली, तुझ्यासारखीच सरकारी कॉलेजातली प्राध्यापिका. नेमणूक अमरोह्याला, बदली हवी होती गौतम बुद्ध नगरला. आधी ती तिथंच तेरा वर्षं होती, म्हणून खात्याने नाही म्हटलं. कोर्ट म्हणालं, कुणाला कुठं ठेवायचं हे सरकार ठरवणार, कर्मचाऱ्याला अमुक गावाचा हट्ट धरता येत नाही. नवरा-बायको एका गावी हा मुद्दाही जुनाच. १९९३ च्या निकालातल्या माणसाची बदली शिलाँगहून पौडीला झाली होती. बायको शिलाँगलाच केंद्र सरकारच्या नोकरीत, मुलं तिथल्या शाळेत, शिवाय त्याच्या पाठीच्या कण्याला इजा झालेली. तरी कोर्टाचं उत्तर एकच: पती-पत्नी एकत्रीकरण ही मार्गदर्शक सूचना आहे, हक्क नव्हे. मला दोन्ही निकाल कठोर वाटतात. पण वकिलाची फी माझ्या वाटण्यावर परत मिळत नाही.

आपल्या २००५ च्या बदली कायद्यात तीन वर्षांचा कार्यकाळ आहे आणि बदल्या एप्रिल-मे मध्ये होतात. तुझी अजून दोनही पुरी नाहीत. मुदतीआधी कुणी तुला उचललं असतं, तर कारण लेखी दिलं का, वरिष्ठांची मंजुरी घेतली का, हे विचारायला मॅट आहेच. तुझं उलट आहे. तीन वर्षं भरली की येणाऱ्या एप्रिलला पुन्हा अर्ज कर, निखिलरावांच्या कार्यालयाचा दाखला जोडून. आणि रागाच्या भरात विनापरवाना रजा नको. गैरहजेरीची एक नोंद झाली की अर्जातलं बाकी कुणी वाचत नाही.

आता मला खरं काय लागलं ते सांगते. बोलता बोलता तू म्हणालीस, "मागच्या कॉलेजातली चार वर्षं धरलीच नाहीत, ५७,७०० च्या मूळ वेतनावरच बसवलंय, ते काय, बघू नंतर." मृणाल, ते नंतर बघायचं नाही. चार वेतनवाढी म्हणजे ६४,९००. महिन्याला मूळ वेतनातच ७,२०० चा फरक, वर महागाई भत्ता. मिळतीलच असं मी म्हणत नाही. पण बदलीत नाही ती भांडायची जागा इथं आहे. यूजीसीच्या २०१८ च्या नियमावलीत आधीची सेवा धरायची तरतूद आहे. नवीन नोकरीचा अर्ज योग्य मार्गाने, म्हणजे जुन्या कॉलेजमार्फत, गेला होता हेही दाखवता आलेलं बरं. प्राचार्यांच्या सहीचं ते पत्र आणि ना हरकत प्रमाणपत्र निळ्या फाईलमध्ये होतं. तुझ्या लग्नाच्या गडबडीत मीच कपाटात ठेवलं होतं, उद्या बघते.

माझं तुला पुरतं कधी सांगितलं नाही. मी १९९१ च्या जूनमध्ये लागले. १९९७ ला वरिष्ठ वेतनश्रेणी मिळायची. जेडी ऑफिसातून, म्हणजे शिक्षण सहसंचालकांकडून, फाईल परत आली: उजळणी वर्गाचं प्रमाणपत्र नाही. प्रमाणपत्र होतं, फाईलला टाचलेलं, पानाला टाचणीच्या गंजाचा डागही पडलेला. मी स्मरणपत्रं लिहीत राहिले. दर दिवाळीनंतर एक. वाटायचं, आपण पाठपुरावा करतोय. २००७ ला हायकोर्टात गेले. श्रेणी १९९७ पासूनच मिळाली, पण थकबाकी फक्त अर्जाआधीच्या तीन वर्षांची. सात वर्षांचा फरक गेला तो गेलाच. स्मरणपत्रांनी मुदत वाढत नाही, हे वकिलांनी सांगितलं तेव्हा मी त्यांच्याशीच भांडले होते! तुमचे बाबा बाहेर बाकावर बसून शेंगदाणे खात होते, म्हणाले, "चला, चहा तरी घेऊ."

तेव्हा पगाराबद्दल सोमवारी निवेदन दे, आवक क्रमांकासह पोच घे. सहा महिन्यांत उत्तर आलं नाही, तर पुढच्या एका वर्षात मॅट. नागपूर खंडपीठ तुला जवळही आहे. सेवापुस्तक मागून घे आणि वेतननिश्चितीच्या पानाचा फोटो काढ. त्या वेळी लिपिकाने हमीपत्रावर सही घेतली होती का, आठवून बघ. "जादा रक्कम गेल्यास परत करीन" असं त्यात असतं. निवृत्तांकडून वसुली नको असं सुप्रीम कोर्टाने म्हटलंय, पण हमीपत्रावर सही असलेल्या एका निवृत्ताकडून वसुलीला त्याच कोर्टाने मुभा दिलीय. माझ्याकडून दोनदा सही घेतली, दोन्ही वेळा न वाचता केली.

चिमणीला ताप उतरल्याचं निखिलरावांनी कळवलं. मी शुक्रवारच्या महाराष्ट्र एक्सप्रेसने निघते. बडनेऱ्याला घ्यायला येऊ नकोस, तास बुडेल, रिक्षाने येईन. फाईल सापडली तर बरोबर आणते.

तुझी,
आई