ओटीटीवरील मराठी कलाकृतींच्या जतनासाठी कायदा हवा

संपादक महोदय,

मराठी मालिका आणि काही चित्रपट आता थेट ओटीटीवर येतात आणि गावखेड्यातल्या प्रेक्षकालाही ते पहिल्याच दिवशी पाहता येतात, याचा मला मनापासून आनंद आहे. मात्र सारी हयात ग्रंथालयात गेल्यामुळे एक प्रश्न मला स्वस्थ बसू देत नाही. कराराची मुदत संपली की मालिका ओटीटीवरून काढली जाते. मग तिची प्रत कोणाकडे राहते? गेल्या वर्षी आवडीची एक मालिका मला तिथे सापडली नाही, म्हणून निर्मात्यांच्या कार्यालयात विचारले, तेव्हा ‘हार्ड डिस्क सुरू होत नाही’ एवढेच उत्तर मिळाले.

या बाबतीत आपण एकदा पोळलो आहोत. 1931 साली मुंबईच्या मॅजेस्टिकमध्ये झळकलेल्या ‘आलम आरा’ या पहिल्या भारतीय बोलपटाची आज एकही प्रत उपलब्ध नाही. कित्येक जुन्या फिती त्यांतल्या चांदीसाठी धुतल्या गेल्या, तर नायट्रेटच्या फितींनी पेट घेतला. पुण्यात 1964 साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय उभे राहिले, तोवर बहुतेक मूकपट नाहीसे झाले होते. पुढे कष्टाने जमवलेल्या नायट्रेट फितीही जानेवारी 2003 च्या आगीत मोठ्या संख्येने जळाल्या.

डिजिटल प्रतीला धोका नाही, हा समज चुकीचा आहे. थंड, कोरड्या जागी ठेवलेली फीत अनेक दशकांनंतरही उजेडासमोर धरून पाहता येते; पण डिजिटल प्रती साठवण्याच्या एलटीओ या चुंबकीय टेपचे आठव्या पिढीचे यंत्र सहाव्या पिढीची टेपदेखील वाचू शकत नाही. म्हणजे दर काही वर्षांनी सारा संग्रह नव्या माध्यमावर उतरवावा लागतो, आणि हा खर्च छोट्या निर्मात्याच्या आवाक्याबाहेरचा असतो.

पुस्तकांसाठी 1954 चा कायदा आहे. त्यानुसार प्रकाशकाने कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयाला आणि मुंबईच्या मध्यवर्ती ग्रंथालयासह आणखी तीन ग्रंथालयांना प्रत द्यावी लागते. 1956 पासून तो आपल्यासारख्या वृत्तपत्रांनाही लागू आहे. ओटीटीवरील कलाकृती मात्र त्याच्या कक्षेत येत नाहीत. केंद्र सरकारने त्यांच्यासाठी अशीच तरतूद करावी. तोवर राज्य सरकारने निदान स्वतः अनुदान दिलेल्या प्रत्येक मराठी चित्रपटाची डिजिटल कुलूप (एन्क्रिप्शन) नसलेली, पूर्ण दर्जाची प्रत पुण्याच्या संग्रहालयात जमा झाल्याखेरीज अनुदानाचा शेवटचा हप्ता देऊ नये.

– एक निवृत्त ग्रंथपाल, सातारा