रताळ्यांच्या पिशवीबद्दल आभार

आदरणीय श्री. जेसन ब्राउन यांस,
सा. न. वि. वि.

आपल्याला मराठी येत नाही हे ठाऊक असूनही हे पत्र मी मराठीतच लिहीत आहे, कारण ज्या दिवसांसाठी आपले आभार मानायचे आहेत त्यांविषयी मी माहेरी आजवर अवाक्षरही काढलेले नाही, आणि ते आता माझ्या माणसांनीही वाचावे असे वाटते.

२०१४ च्या हिवाळ्याच्या तोंडावर, आम्ही अमेरिकेत नॉर्थ कॅरोलायना राज्यातल्या रॉलीत राहत असताना, माझ्या यजमानांची नोकरी गेली. शेजारच्या बाई मला एका अन्नवाटप केंद्रात घेऊन गेल्या. तेथे मिळालेल्या पिशवीतल्या रताळ्यांना माती तशीच लागलेली होती. ती लुईसबर्गजवळच्या आपल्या शेतातली आहेत, असे वाटप करणाऱ्याने सांगितले. थोड्याच दिवसांत मार्गशीर्षातली एकादशी आली आणि मी त्यांचा कीस केला. आतून केशरी असलेली ही रताळी आमच्याकडच्या पांढऱ्या रताळ्यांपेक्षा ओलसर, त्यामुळे कीस मोकळा न होता त्याचा गोळा झाला. तरी तूप-जिऱ्याच्या फोडणीचा वास घरभर दरवळला आणि मुलांनी कढई पुसून खाल्ली.

आपण कोण, हे मला नंतर कळले. अमेरिकन फुटबॉलमध्ये आपण सेंटर होता, म्हणजे वाकून पायांमधून चेंडू मागे क्वार्टरबॅककडे (डाव चालवणाऱ्या खेळाडूकडे) देणारा आणि त्याच क्षणी समोरच्या धिप्पाड खेळाडूंना अंगावर घेणारा. सगळ्यांची नजर चेंडूमागे जाते, सेंटरकडे कोणी पाहत नाही. २००५ मध्ये बॉल्टिमोर रेव्हन्स या संघाने आपल्याला निवडले आणि २००९ मध्ये सेंट लुईस रॅम्स या संघाने ५ वर्षांसाठी ३ कोटी ७५ लाख डॉलरचा करार केला. आपले बंधू लन्सफर्ड २००३ मध्ये इराकमध्ये सैन्यात असताना २७ व्या वर्षी मारले गेले होते. स्वतः त्या वयाचे झाल्यावर आपण आपल्या आयुष्याचा हिशेब मांडला, आणि २०१२ मध्ये रॅम्सपासून मोकळे झाल्यावर खेळ सोडून नॉर्थ कॅरोलायनात सुमारे १,००० एकरांवर शेती करू लागलात. ती शिकलात यूट्यूबवरचे व्हिडिओ पाहून.

शेताचे नाव आपण ‘फर्स्ट फ्रूट्स’, म्हणजे पिकाचा पहिला वाटा, असे ठेवले, आणि २०१४ च्या हंगामात सुमारे १ लाख पौंड, म्हणजे ४५ टन रताळी भुकेल्यांसाठी दिली. आपण किती पैसा सोडला याचेच लोक अधिक बोलतात. मी शेतकऱ्याची मुलगी आहे. आमच्या घरी नव्या धान्याची पहिली ओंजळ देवापुढे ठेवत, पण विकायला न नेता पीकच असे वाटून टाकलेले मी कधी पाहिले नव्हते.

यजमानांना महाशिवरात्रीच्या आसपास नवी नोकरी लागली. पिशवीतली शेवटची दोन रताळी मी जपून ठेवली होती. ती गुळाच्या पाकात शिजवून शेजारच्या बाईंना नेऊन दिली.

आपली कृतज्ञ,
रॉलीतली एक मराठी गृहिणी