ललिता पवार म्हणजे फक्त खाष्ट सासू नव्हे

संपादक महाशय, सप्रेम नमस्कार,

सिनेमातल्या ललिता पवार म्हटलं की लोकांना पटकन फक्त टीव्हीवरच्या 'रामायण' मालिकेतली, कैकेयीचे कान भरणारी मंथरा आठवते, याचं मला फार वाईट वाटतं. ही बाई आमच्या नाशिक जिल्ह्यातली, १९१६ साली येवल्यात जन्मलेली, मूकपटात लहानपणीच कामाला लागली आणि पुढे चांगली हिरोईन झाली, अगदी स्वतः पिक्चर प्रोड्यूस करण्यापर्यंत गेली. मग १९४२ मध्ये शूटिंग करताना सोबतचे नट भगवानदादा यांची थप्पड जरा जोरातच बसली, चेहरा लुळा पडला, काही वर्षं उपचारात गेली आणि डावा डोळा कायमचा बारीक झाला. हिरोईनची कामं संपली, पण घरी न बसता तिने त्याच डोळ्याने अख्खा पडदा धाकात ठेवला!

'अनाडी' मधली मिसेस डिसा एकदा नीट बघा. तोंडाने राज कपूरला भाड्यावरून झापते आणि जीव मात्र पोटच्या पोरासारखा लावते, एकाच चेहऱ्यावर राग आणि माया, आमची आजी तर टीव्हीसमोर पदराने डोळे पुसायची. फिल्मफेअर मिळालं ते याच रोलला. १९६१ मध्ये संगीत नाटक अकादमीचा सन्मानही झाला.

१९९८ मध्ये पुण्यात औंधच्या घरी त्या गेल्या तेव्हा जवळ कोणी नव्हतं, हे वाचून आजही पोटात कालवतं. तुमच्या रविवारच्या पुरवणीत त्यांच्यावर एक पानभर लेख छापा, एवढीच विनंती.

- एक वाचक, नाशिक