आमच्या माळकरी आण्णांना जुनं शहर दाखवणाऱ्या भाईंना

भाई, सप्रेम नमस्कार.

तुमचं नाव इथं लिहीत नाही. निघताना तुम्हीच म्हणालात, "लिहायचंच असेल तर भट्टीवाल्यांबद्दल, गाडेवाल्यांबद्दल लिहा, माझं नाव नको." त्यांचीही नावं न विचारता छापणं बरं नाही, म्हणून ज्याला त्याला त्याच्या कामानंच ओळखू दे. आभार मात्र मला चारचौघांत मानायचे आहेत. "भाई चांगले होते हो," एवढं घरातल्या घरात म्हणून भागणार नाही.

आण्णा आणि आई लातूर जिल्ह्यातल्या औशाहून माझ्याकडं संभाजीनगरला, सिडकोत आले की फिरणं ठरलेलं असायचं. घृष्णेश्वर, वेरूळची लेणी, भद्रा मारुती, आणि परतताना बीबी का मकबरा. या वेळी आईच म्हणाली, "जुन्या शहरात लोकं काय खातेत ते तर दाव की." म्हणून मी खाण्याची पायी सहल घडवणाऱ्यांची चौकशी सुरू केली. एके ठिकाणी सांगितलं की वडील माळकरी आहेत, तर पलीकडून उत्तर आलं, "मग तुम्हाला त्यात काही मजा नाही." तिथंच बोलणं संपलं.

तुम्ही मात्र उलट मलाच प्रश्न विचारत बसलात. कांदा-लसूण चालतो का? जिथं मांस शिजतं त्या जागेत जायला काकांना अवघड वाटेल का? आईंना किती वेळ उभं राहता येतं? शुगर कुणाला आहे? मी सुचवलेल्या दिवशी एकादशी येतेय हे माझ्या आधी तुमच्या लक्षात आलं आणि तुम्ही आपणहून पुढचा दिवस घेतलात. पैशांचा विषय सगळ्यात शेवटी निघाला. फोन ठेवल्यावर मी घरात म्हणाले, हा माणूस आण्णांना सांभाळून नेईल. तुम्ही त्यांना नुसतं सांभाळलं नाही, त्या संध्याकाळचे मानकरी केलंत.

सुरुवात तुम्ही पैठण गेटपासून केलीत. मला वाटलं, गाड्या लावायला सोयीचं म्हणून असेल. पण कमानीखाली थांबून तुम्ही आण्णांना म्हणालात, "काका, हा रस्ता नाथांच्या पैठणला जातो. आपण इथून पाठ करून नाही, हात जोडून निघू." आण्णांनी टोपी सारखी केली आणि नमस्कार केला. तोवर ते जरा अवघडलेलेच होते. सुनेनं, लेकीनं, नातवानं आग्रह केला म्हणून आलेला माणूस जसा चार पावलं मागं चालतो, तसं चाललं होतं त्यांचं. पैठण गेटनंतर ते तुमच्या बरोबरीनं चालायला लागले.

मग गुलमंडी. इमरती मी आयुष्यभर खात आलेय, पण होताना कधी नीट पाहिली नव्हती. तुम्ही आम्हाला गिऱ्हाइकांच्या रांगेत उभं न करता कढईच्या बाजूला घेतलंत आणि आधी कारागिराची परवानगी काढलीत. उडदाची डाळ भिजवून वाटलेली, फेसून फेसून हलकी केलेली. ती झाली की नाही हे बघायला त्यांनी थेंबभर पीठ पाण्यात टाकून दाखवलं, ते तरंगलं. कापडाच्या पुरचुंडीला मधोमध भोक. तुपात आधी एक गोल कडं, मग त्या कड्यावर छोटे छोटे वेढे, हात कुठंही न थांबता, आणि शेवटचा वेढा बरोबर पहिल्याला येऊन मिळतो. जिलेबीच्या मैद्याला आंबवावं लागतं, इमरतीला ती गरज नाही, सगळा जीव डाळ फेसण्यात, हे आईला तुमच्याकडून कळलं आणि तिनं लगेच कारागिरालाच पुढचं विचारलं, "पाक एकतारी का दोनतारी?" त्यांनी चिमटीत धरून दाखवला. दोघांचं जे काही जमलं! आम्ही तिथं ठरल्यापेक्षा कितीतरी जास्त वेळ रमलो आणि तुम्ही एकदाही घड्याळाकडं पाहिलं नाहीत.

एक गोष्ट मी तेव्हाच मनात धरून ठेवली. तुम्ही प्रत्येक ठिकाणी पूर्ण पैसे देत होतात. ओळख आहे म्हणून कुणाकडून फुकट चव घेतली नाहीत की आम्हाला घेऊ दिली नाहीत. "यांचा धंदा संध्याकाळच्या दोन-तीन तासांचा असतो, तेवढ्यात मी दहा माणसं उभी केली तर रोजचं गिऱ्हाईक परत जातं," म्हणून माणसं मोजकीच घेता, गर्दीच्या आधी पोचता. माझ्या मुलानं मोबाइल वर केला तेव्हा तुम्ही हळूच त्याच्या खांद्यावर हात ठेवलात आणि म्हणालात, "आधी विचार बेटा." त्यानं विचारलं. कारागीर हसून म्हणाले, "काढ, पण हात नीट दिसू दे." ही सवय त्याला लागलीय. परवा गल्लीतल्या चप्पल शिवणाऱ्या काकांचा फोटो काढायच्या आधी त्यानं त्यांना विचारलं.

मच्छली खडकावरून सिटी चौक, तिथून सराफ्यातून शहागंज, हा रस्ता आम्ही भराभर ओलांडला. आईसाठी तुम्ही अध्येमध्ये बसायची सोय आधीच बोलून ठेवली होतीत, कुठं दुकानाची पायरी, कुठं कुणाचं स्टूल. चालता चालता शहर सांगत होतात. 1610 मध्ये मलिक अंबरनं खडकी या गावाच्या जागी हे वसवलं, दूरच्या पाण्यासाठी नहरी बांधल्या, पुढं 1653 नंतर औरंगजेबाच्या सुभेदारीत नाव बदलून औरंगाबाद झालं. 1763 पर्यंत निजामाची राजधानी इथंच होती, मग ती हैदराबादला गेली. म्हणून इथल्या मसाल्याचं नातं मुंबई-पुण्यापेक्षा हैदराबादशी जास्त, हे तुम्ही म्हणालात तेव्हा आण्णांनी मान हलवली. आमचे आज्जा निजामाच्या काळात उर्दू शाळेत शिकलेले. 17 सप्टेंबर 1948 ला निजामाची राजवट संपल्यावरही ते हिशोब उर्दू आकड्यांतच मांडायचे. आण्णांनी ते आकडे तोंडपाठ म्हणून दाखवले आणि दोन आकडे चुकले ते तुम्ही अदबीनं सावरून घेतलेत.

आता शहागंजच्या भट्टीबद्दल. भाई, हे पत्र खरं तर त्या भट्टीमुळंच लिहितेय.

नान खलिया, म्हणजे नान आणि मटणाचा रस्सा, हे या शहराचं नाव काढलं की पहिलं निघणारं खाणं. बाकी कुणी असता तर माळकऱ्याला हॉटेलबाहेर थांबवून आमचं जेवण उरकलं असतं. तुम्ही आण्णांना अशा भट्टीवर नेलंत जिथं फक्त नान भाजले जातात, मांसाचं भांडंसुद्धा नाही. दारातच भट्टीवाल्या चाचांना विचारलंत, कणकेत काय काय आहे ते काकांना सांगा. मैदा, पाणी, मीठ, खमीर. चाचांनी परातीवरचं ओलं फडकं उचलून कणीक दाखवली. आण्णा जवळ गेले, बोटानं दाबून पाहिली आणि त्यांचा पहिला प्रश्न आला, "खमीर किती येळ ठिवतेत?" शेतकऱ्याला पिठाची भाषा शिकवावी लागत नाही. चाचा म्हणाले, "थंडी में ज्यादा, गर्मी में कम. हात को समझता." आण्णा म्हणाले, "आमच्या आंबिलाचंबी तसंच हाय."

मग ते दोघं जे बोलायला लागले, त्यात आम्हाला जागाच नव्हती. चाचांनी गोळा हातानं थापला, वर हळदीचं पाणी फिरवलं, तो कापडाच्या गादीवर घेतला आणि कमरेतून वाकून भट्टीच्या आतल्या भिंतीवर चापटला. आत हात गेला की कोपरापर्यंत लालबुंद उजेड पडायचा. काढताना हातात दोन लोखंडी सळया, एकीचं टोक आकड्यासारखं, दुसरीचं चपटं. चपटीनं सोडवायचा, आकड्यानं धरायचा. नान बाहेर आला तो पिवळाधमक, काठाला कुरकुरीत, मधे फुगलेला. पहिला नान त्यांनी आण्णांच्या हातात दिला, कागदावर ठेवून.

आण्णांनी पिशवीत हात घातला आणि डबी काढली. आईनं केलेली जवसाची चटणी. गावाहून निघताना ती कायम सोबत असते. नानाचा तुकडा मोडून त्यावर चिमूटभर चटणी टाकून आण्णांनी आधी चाचांपुढं केला. चाचांनी हात पुसले, घेतला, चावला आणि भट्टीवरच्या पोराला हाक मारली, "अरे, ये चख!" मग डबी त्या सगळ्यांमधून फिरली. रिकामी होऊन आली तेव्हा आण्णांचा चेहरा मी पाहिला. इतकी वर्षं लग्नकार्यात, प्रवासात, "मी माळकरी, माझं जेवण वेगळं" म्हणत कडेला बसलेला माणूस आहे तो. त्या संध्याकाळी सगळे त्यांच्या डबीभोवती उभे होते.

त्यानंतर आम्ही खलिया खायला हॉटेलात गेलो. खलियाबद्दल एवढंच लिहिते की आधी तरीत बुडवलेला नान, मग रस्सा, मग मटण, हा तुम्ही सांगितलेला क्रम बरोबर होता. तळलेला कांदा, खोबरं आणि खडा मसाला यांची चव वेगवेगळी कळली. देगचीत मंद आचेवर तासन्‌तास शिजल्याशिवाय मटण असं बोटानं तुटत नाही. पण त्या टेबलावर एक खुर्ची रिकामी होती, तुमची. तुम्ही बाहेर बाकावर आण्णा-आईंबरोबर चहा घेत बसला होतात. मी बोलवायला आले तर म्हणालात, "माझा खलिया कुठं पळून जातोय? काकांबरोबर बसायला परत कधी मिळणार?"

त्या बाकावर काय बोलणं झालं ते आण्णांनी आम्हाला रात्री सविस्तर सांगितलं. 1327 मध्ये मुहंमद तुघलकानं राजधानी दिल्लीहून दौलताबादला आणली, त्या फौजेबरोबर नान खलिया आला असं म्हणतात. पण तुम्ही त्यांना हेही सांगितलंत की ही सांगोवांगीची गोष्ट आहे, आणि तसं असलंच तर तेव्हाचा खलिया आजच्यासारखा लाल नसणार, कारण मिरची आपल्याकडं पोर्तुगीजांबरोबर आली, म्हणजे दीडशे-दोनशे वर्षांनंतर. तिखटपणा असेल तो मिऱ्यांचा. आण्णांना हे फार पटलं. गोष्ट रंगवून सांगणारे पुष्कळ भेटतात, तिचा कच्चा धागाही दाखवणारा माणूस त्यांना आवडतो. मग त्यांनी तुम्हाला दौलताबादची आपली गोष्ट सांगितली. देवगिरीच्या त्याच किल्ल्यावर जनार्दनस्वामी किल्लेदार होते आणि एकनाथ महाराज गुरूच्या शोधात तिथंच आले. तुम्ही म्हणे वहीत लिहून घेतलंत, आणि पुढच्या फेरीत दौलताबादचा विषय निघाला की हेही सांगीन म्हणालात. "लिहून घेतलं त्यानं," हे आण्णा अजून प्रत्येकाला सांगतात.

संभाजीनगरला पाहुणा आला की लोक त्याला तारा पानाचं दुकान दाखवतात, मकबरा दाखवतात, आणि दाखवावंच. पण जुन्या शहराच्या गल्ल्यांबद्दल बाहेर जे बोललं जातं, ते ऐकून माझ्या माहितीतले कितीतरी जण संध्याकाळी तिकडं वळत नाहीत. त्यांनी तुमच्यासारख्या कुणाबरोबर तरी एकदा चालावं असं मला मनापासून वाटतं. आणि जे अशा सहली घडवतात त्यांना माझं सांगणं आहे की आपल्याकडं घरटी एक तरी माळकरी, उपासवाला, पथ्यवाला असतोच. त्याला वगळून टोळी करू नका. पाच मिनिटं जास्तीचा फोन आणि एक वेगळी भट्टी शोधायची तसदी, एवढ्यावर काम होतं.

भाई, आता आमचं निमंत्रण. मार्गशीर्षातल्या वेळ अमावस्येला घरच्यांना घेऊन औशाला या. त्या दिवशी आमच्याकडं गावं ओस पडतात, सगळी माणसं शेतात असतात. कडब्याच्या कोपीत पूजा होते आणि मग भज्जी, बाजरीचे उंडे, गव्हाची खीर, तिळाची पोळी, आंबिल. ओळखीचा-अनोळखी कुणीही बांधावरून चालला तरी त्याला हाक मारून जेवू घालायची रीत आहे. आण्णांनी भट्टीवाल्या चाचांनाही बोलावलंय, त्यांना आंबिल आंबवतात कसं ते दाखवायचं आहे म्हणे. त्यासाठी ज्वारीचं पीठ आदल्या रात्रीच भिजवावं लागतं, म्हणून मुक्कामानंच या. औशाच्या बसस्टँडवर उतरून फोन करा, आण्णा स्वतः घ्यायला येतील. आईनं जवसाची चटणी तुमच्यासाठी वेगळी काढून ठेवलीय, या वेळी मोठ्या डब्यात.

तुमची,
औशाच्या आण्णांची लेक