पेटी उघडून दाखवा : संरक्षणमंत्र्यांना खुले पत्र

मा. संरक्षणमंत्री,
भारत सरकार, नवी दिल्ली

स. न. वि. वि.

पंधरा वर्षं नौदलात काढून मी देवगडला परतलो, त्याला बराच काळ लोटला. निघताना गोदीच्या गेटवर माझी पत्र्याची पेटी उघडून बघितली. दोन टॉवेल, आईसाठी घेतलेली साडी आणि पितळ घासायच्या ब्रासो पॉलिशची अर्धी संपलेली डबी. डबी काढून घेतली. सरकारी माल! बरोबरच होतं, मी हूं की चूं केलं नाही.

ती डबी आठवली जॉन लेहमन यांच्याबद्दल वाचताना. १९८१ मध्ये, वयाच्या ३८व्या वर्षी, हे गृहस्थ अमेरिकेचे नौदल सचिव झाले. ६०० जहाजांचं नौदल उभारायचा ध्यास घेतला आणि १९८७ मध्ये पद सोडलं तेव्हा आकडा सहाशेला टेकत आला होता. माणूस कर्तबगार, वादच नाही. पुढे स्वतःच्या नावाची गुंतवणूक कंपनी काढली. ती पैसे घालते संरक्षण, विमानं आणि जहाजं यांच्या धंद्यात. २००६ मध्ये तिने अटलांटिक मरीन ही गोद्या चालवणारी कंपनी घेतली आणि २०१० मध्ये बीएई सिस्टिम्स या संरक्षण कंपनीला ३५ कोटी २० लाख डॉलरना विकली. सगळं कायदेशीर. गोद्या घेतल्या तेव्हा सचिवपद सोडून १९ वर्षं झाली होती, हेही सांगायला हवं.

आपल्याकडे मात्र एकच वर्ष. केंद्राच्या गट अ अधिकाऱ्याला निवृत्तीनंतर वर्षभरात खासगी नोकरी किंवा संचालकपद धरायचं तर परवानगी लागते. वर्ष सरलं की मोकळा. आणि विक्रांत या विमानवाहू युद्धनौकेचा कणा बसवला २००९ मध्ये, ती नौदलात दाखल झाली सप्टेंबर २०२२ मध्ये. तेरा वर्षं! काम कुठल्या गोदीला जाणार, जेटी कुठे येणार, हे ज्याने फायलीत वाचलं त्याची माहिती बारा महिन्यांत शिळी होते? बांगडा आहे का तो?

आमच्याकडे बंदराची नुसती कुजबुज झाली, की जिथे कलमसुद्धा धरत नाही अशा सड्यावरच्या कातळाला बाहेरचं गिऱ्हाईक येतं. त्याला कुणी सांगितलं, पत्ता लागत नाही. शेजारचे काका म्हणतात, "जेणां नकसो काढल्यान, तेकाच आधी कळतलां मां!" काकांकडे पुरावा नाही, माझ्याकडेही नाही. संशय मात्र गावभर आहे, आणि त्यात सरळ अधिकारीही भरडले जातात.

बंदी घाला असं मी म्हणत नाही. जाणता माणूस घरी बसवून गंजवायचा कशाला? पण ज्या जहाजाच्या किंवा बंदराच्या फायलीवर सही केली, ते पुरं होईपर्यंत त्या धंद्यातले आपले शेअर, भागीदाऱ्या आणि जमिनी त्या अधिकाऱ्याने दरवर्षी जाहीर कराव्यात. ती यादी दिल्लीच्या कपाटात पडून नको. माझ्या अठरा गुंठ्यांचा सातबारा कुणीही मोबाइलवर बघतो. ही यादीही तशीच दिसू दे.

कळावे,
आपला,
देवगडचा एक निवृत्त नौसैनिक