‘सल्ला’ एवढ्या अर्थावर भागत नाही

मा. संपादक,
स.न.वि.वि.

जून उजाडला की पुण्याच्या पुस्तकबाजारात, अप्पा बळवंत चौकात, पाय ठेवायला जागा नसते. शाळेच्या यादीत शेवटी नुसतं ‘डिक्शनरी’ लिहिलेलं असतं आणि पालक दुकानदार देईल ती खिशात मावणारी इंग्रजी-मराठी डिक्शनरी घेऊन मोकळे होतात. मी अठरा वर्षं कोथरूडला मराठी माध्यमाच्या मुलांच्या इंग्रजीच्या शिकवण्या घेते. त्या डिक्शनरीने काय होतं, ते मला रोज वह्यांमध्ये दिसतं.

परवा आठवीतल्या एका मुलीने लिहिलं, ‘ही गेव्ह मी मेनी ॲडव्हायसेस.’ शब्द तिने शोधला होता, ‘सल्ला’ हा अर्थही बरोबर होता. मराठीत दहा जण दहा सल्ले देतात, मग इंग्रजीत का नाही, हा तिचा प्रश्न अगदी रास्त. मी ऑक्सफर्डची जाडी लर्नर्स डिक्शनरी, म्हणजे इंग्रजी शिकणाऱ्यांसाठीचा इंग्रजी-इंग्रजी कोश, तिच्यापुढे ठेवला. शब्दाशेजारी बारीक ‘यू’ होता, म्हणजे न मोजता येणारं नाम. खाली वाक्यात ‘अ पीस ऑफ ॲडव्हाइस’. बोट ठेवून तिने दोनदा वाचलं आणि ‘मेनी’ व शेवटचा ‘एस’ आपणहून खोडला. ‘डिस्कस’पुढे ‘अबाउट’ लावू नका, हेसुद्धा तिथे स्पष्ट सांगितलेलं आहे. आपली मुलं हमखास लावतात, कारण आपण ‘विषयी’ चर्चा करतो.

इंग्रजीतला अर्थ मुलांना झेपणार नाही, अशी पालकांना धास्ती वाटते. पाचवीच्या मुलाला मराठी अर्थच हवा, मान्य. पण हे कोश मुळात परक्या भाषकांसाठीच झाले. ऑक्सफर्डच्या या कोशाचे मूळ कर्ते हॉर्नबी जपानमध्ये इंग्रजी शिकवत; त्यांचा कोश १९४२ मध्ये आधी टोकियोत निघाला. लाँगमन या प्रकाशनसंस्थेने १९७८ च्या अशाच कोशात अर्थ सांगायला जेमतेम २००० सोपे शब्द वापरले. आठवी-नववीला हे नक्की जमतं. किंमत परवडत नसेल तर जुनी आवृत्ती घ्या, रोजच्या शब्दांना ती पुरते.

मात्र नुसती विकत घेऊन उपयोग नाही. माझ्या एका विद्यार्थ्याला शाळेने बक्षीस दिलेली डिक्शनरी वर्षभर प्लॅस्टिकच्या वेष्टनातच होती, कारण ती कशी बघायची हे कुणी दाखवलंच नव्हतं. मुख्याध्यापकांना कळकळीची विनंती, जूनमध्ये एक तास यासाठी द्या. वर्गात एक कोश ठेवा आणि ‘सी’ (मोजता येणारं नाम), ‘यू’ या खुणा मुलांकडून शोधून घ्या.

– एक शिक्षिका, कोथरूड, पुणे