एकतिसाव्या वर्षी आजी झालेली नटी

प्रिय मंजू,

‘नट्यांना पन्नाशीनंतर आई-आजीशिवाय मिळतं काय?’ असं तू चिडून लिहिलंस आणि मला जपानी नटी किरिन किकी आठवली. या बाईनं आजी व्हायला पन्नाशीची वाटही पाहिली नाही.

१९७४ साली जपानच्या टीबीएस वाहिनीवर ‘तेराउची कानतारो इक्का’ ही मालिका आली. तीत ही एकतिशीची बाई म्हातारी आजी झाली. तिच्या मुलाचं काम करणारा नट तिच्याहून दहा वर्षांनी मोठा! हाताची कातडी तरुण दिसेल म्हणून तिनं बोटं उघडी ठेवणारे हातमोजे घातले. आणि ही आजी केंजी सावादा या गायकाच्या पोस्टरसमोर त्याच्या टोपणनावानं ‘जूलीऽऽ’ म्हणून अंग घुसळायची. सगळा जपान हसला.

तेव्हा तिचं नाव युकी चिहो. १९७७मध्ये टीव्हीवरच्या एका लिलावात तिनं ते नावच विकून टाकलं आणि किरिन किकी हे नवं घेतलं. आपल्याकडे नावासाठी लोक काय काय करतात!

पुढे फुजीकलर या फोटो-फिल्मच्या जाहिराती. ‘सुंदर नसलेलेही सुंदर दिसतील’ अशा अर्थाचं वाक्य होतं, ते तिला खोटं वाटलं. मग सुंदर माणसं जास्त सुंदर, बाकीची आपापल्या परीनं, असं ठरलं. तेच गाजलं.

पण तू दिग्दर्शक कोरे-एदाचा २००८चा ‘स्टिल वॉकिंग’ हा सिनेमा बघच. त्यात ती आई झालीय. थोरला मुलगा एका पोराला वाचवताना बुडून गेलेला. त्या पोराला, आता तो बाप्या झालाय, आई दर वर्षी घरी बोलावते. का, तर रात्री क्रोशा विणता विणता ती शांतपणे सांगते: त्यालाही वर्षातून एक दिवस त्रास होऊ दे. सुई थांबत नाही, आवाज चढत नाही. माझ्या अंगावर काटा आला.

२०१३मध्ये ‘वागा हाहा नो की’ या सिनेमासाठी जपान अकादमीचा पुरस्कार घेताना तिनं कर्करोग अंगभर पसरल्याचं सांगून टाकलं आणि पुढंही काम करत राहिली. ना मॅनेजर, ना एजन्सी. कामं यायची ती घरच्या आन्सरिंग मशीनवर. ‘शॉपलिफ्टर्स’ सिनेमात म्हातारी खरी वाटावी म्हणून कवळी काढून ठेवली. २०१८च्या मे महिन्यात त्या सिनेमाला कान चित्रपट महोत्सवात सर्वोच्च पुरस्कार मिळाला, सप्टेंबरात ती गेली. पंचाहत्तर वर्षांची होती.

तर ‘स्टिल वॉकिंग’ आधी बघ. ती आई दुष्ट आहे असं आमच्याकडे हे म्हणतात, मला मुळीच पटत नाही. तुझं काय ते लवकर कळव.

तुझी,
नीला